दुसऱ्या मशीनवरचा पॅच

जावळाला मामाची मांडी लागते, आणि मामा जाऊन बसला होता माळवदावर! खाली न्हावी वस्तरा पाजळून बसलेला, त्याच्या बहिणीचं, सुकन्याचं लेकरू रडून घामाघूम, सोयरे जेवायचे खोळंबलेले. पण शिवहारला कशाची शुद्ध नव्हती. "लाज हाय का ह्या पोराला!" म्हणत त्याची आई सिंधूबाई शिडी चढली.

शिवहार पुण्याच्या कंपनीत बँकेच्या हिशोबाची दोन जोडलेली मशिनं सांभाळायचा. एक मेंढका भाकर खायला बसला की दुसऱ्यानं कळप बघायचा, तशी ती मशिनं, असं त्यानंच आईला समजावलं होतं. आज एकेक थांबवून त्यांच्यात दुरुस्तीचा पॅच बसवायचा होता. पहिल्यावर बसला, दुसऱ्यावर बसंना. सगळा भार एकट्या मशीनवर पडून बँकेचं काम रखडलं होतं.

ती वर पोचली तेव्हा शिवहार मांडीवर लॅपटॉप घेऊन सोबत काम करणाऱ्या पोरीशी फोनवर हसून राहिला होता. "राधिका, अगं सापडलं! दुसऱ्या मशीनवर कालपासून माझंच काम उघडं राहिलं होतं. फाईल वापरात, मग पॅच बसेल कसा? बंद केलं, लगेच बसला."

सिंधूबाईचा राग निवळला. चुकलं, सापडलं, झालं.

तेवढ्यात फोन पुन्हा वाजला. शिवहार ताडकन उभा राहिला. "हो साहेब, झालं चालू. राधिकानं तिचं काम बंद केलं नव्हतं. मीच शोधून काढलं. सांगितलं होतं साहेब, ऐकत नाही ती... कामावरून काढायचं तर तुम्ही बघा."

सिंधूबाईच्या कानशिलांची आग आग झाली. ह्याच पोराचं कौतुक तिनं शिरड शहापुरात घरोघर सांगितलं होतं.

खालून जेवायला आलेले गुलाबचंद शेठ ओरडले, "सिंधूबाई, पोरगं लई हुशार निघालं! हितं बसून पुण्याचं मशीन नीट केलं म्हणं!"

तिनं डोक्यावरचा पदर तोंडावर ओढला. खाली बघायची हिंमत होईना.

"चल माय, झालं माझं," म्हणत शिवहार शिडीकडं निघाला. सिंधूबाई आडवी आली. खाली सोयरे मान वर करून बघत होते, बघू देत.

"थांब तिथंच. चूक तुही, अन् घातली परक्याच्या लेकीच्या माथी? सायबाला फोन लाव, खरं सांग. माझा नातू आज तुझ्या चुलतभावाच्या, देवलाच्या मांडीवर बसंल. तू त्याचा मामा न्हाईस."