चर्चेच्या टेबलावरचा माइक

मित्रांनो, मी एक जुना माइक आहे. माझी कीव करायला बसला असाल तर आधीच सांगतो, मला ती नको.

बातम्यांच्या स्टुडिओत माझी हयात गेली. तरुणपणी सगळे माझ्याच तोंडाशी येऊन बोलत. पुढे कॉलरला लावायचे चिमुकले माइक आले आणि मी टेबलावर शोभेला उरलो. तरी माझी तार जोडलेली होती. कारण निवेदकसाहेबांना एक खोड होती. पाहुणा नावडतं बोलू लागला की ते पेनाने माझ्या डोक्यावर टकटक करायचे. ती टकटक घराघरांत ऐकू जावी म्हणून मी कायम चालू. मी फक्त माझ्या अंगावरच्या बटणानेच बंद व्हायचो, आणि कुणी चुकून बंद करू नये म्हणून त्या बटणावर साहेबांनीच चिकटपट्टी लावून घेतली होती.

मग शेजारच्या दोन देशांत युद्ध पेटलं. आपण त्यात उतरायचं का, यावर संसदेत मतदान होणार होतं. आमच्याकडे रोज चर्चा, म्हणजे पडद्यावर रणगाडे आणि टेबलाभोवती आरडाओरडा. मतदानाच्या आदल्या संध्याकाळी एका सैनिकाच्या आईला बोलावलं. बाई शिवणकाम करायच्या. त्या 'जा बाळा, लढ' म्हणतील अशी साहेबांची खात्री होती.

त्या म्हणाल्या, "हुकूम आला की माझा मुलगा जाईल. पण कशासाठी, हे मला कुणीतरी..."

साहेबांनी खूण केली आणि बाईंच्या कॉलरचा माइक बंद झाला. त्या बोलतच होत्या. साहेब माझ्यावर पेन आपटू लागले. शेवटी वैतागून बाईंनी मला उचललं आणि स्वतःपुढे ठेवलं.

"वाजवणं पुरे झालं. कशासाठी, ते सांगा. तुमच्यापैकी कुणाचं पोर जाणार, तेही सांगा."

मला बंद करायला स्टुडिओत धावाधाव झाली. चिकटपट्टी काही निघेना. टेबलाभोवती सगळे गप्प बसले, आणि ते गप्प बसणंही मी जसंच्या तसं देशभर पोचवलं.

मतदान झालं. देश युद्धात उतरला. बाईंचा मुलगा आघाडीवर आहे. मला तार तोडून कपाटात टाकलं. साहेब सांगतात, माइक बिघडला होता. साफ खोटं. इतकं चोख काम मी जन्मात केलं नव्हतं.

आता 'मला जपा' असं मी म्हणावं, अशी तुमची अपेक्षा असेल. मी नाही म्हणणार. खुशाल भंगारात घाला. पण बाईंना अजून कुणी उत्तर दिलेलं नाही. त्या एकट्या किती दिवस विचारणार? तुम्हीही विचारा.