दहावी कव

उन्हाळ्याच्या सुट्टीत मास्तराला घरी बसू द्यायचं नाही, असा सरकारचा एखादा नियम असावा. कधी गुरं मोजा, कधी विहिरी मोजा. महाराष्ट्र होऊन दोन-तीन वर्षं झाली होती, त्या वर्षी झाडं निघाली. जिल्ह्यातली जुनी, मोठी, नावाजलेली झाडं शोधायची, त्यांचा घेर मोजायचा, गावकरी त्यांच्याबद्दल काय सांगतात ते लिहायचं. चिखली तालुक्याचा हा भाग माझ्या वाट्याला आला. सायकल माझी, ऊनही माझंच.

पंधरवड्यात मी इतके वड, चिंचा आणि आंबे पाहिले की रात्री डोळे मिटले तरी फांद्या दिसत. प्रत्येक गावचा वड पांडवांनी लावलेला. पांडव वनवासाला गेले होते की रोपं लावायला, असं मी एकदा विचारलं, तर त्या गावात मला चहा मिळाला नाही. तेव्हापासून मी 'हो का, वा' म्हणून लिहून घेत असे. झाडांवर माझा राग नव्हता. पण कौतुक करायलाही अंगात थोडा जीव लागतो, आणि तो मागेच कुठेतरी सांडला होता.

उंद्रीच्या पुढे एका गावात पोचलो तेव्हा दुपार झाली होती. गावाच्या तोंडाशी, रस्त्याला लागूनच वड होता. त्याच्या पारंब्या खोडात मुरून खोडच झाल्या होत्या. भोवती दगडी पार, आणि एस.टी.ची मोटर थांबायची तीही त्याच सावलीत. पारावर गावची सात-आठ कर्ती माणसं बसलेली, मध्ये उत्तमराव पाटील. रस्त्याच्या पलीकडे, रणरणत्या उन्हात, एक म्हातारी बोचकं घेऊन जमिनीवर बसली होती आणि तिच्या डोक्यावर तिचा मुलगा पंचा धरून उभा होता.

मी सायकल लावत होतो तेव्हा तो मुलगा, कचरू, माझ्याकडे आला. बौद्ध वस्तीत राहणारा, चाळिशीचा माणूस. झाडाची नोंद करताना ते कोणाचं हेही लिहिता का, असं त्यानं हळूच विचारलं. बौद्ध धर्म घेतल्यावर वस्तीनं मेलेली ढोरं ओढणं सोडलं. पारावर तर त्यांना कधीच बसू दिलं नव्हतं, पण आधी सावलीच्या कडेला उभं राहता येत असे. ढोरं ओढणं सुटलं तशी गावानं तीही सावली बंद केली. आई केसरबाईला दवाखान्यात न्यायचं होतं आणि मोटरीचा काही भरवसा नव्हता. "गुरुजी, झाड गावाचं हाय एवढं लिहा," तो म्हणाला. "आमीबी गावातलेच हावो."

मी म्हटलं, बघतो. 'बघतो' हा शब्द थकलेल्या माणसाच्या फार कामाचा. मला वाटलं, घेर मोजावा, पाणी प्यावं आणि पुढच्या गावाला लागावं.

फीत मीटरची मिळाली होती. सगळीकडे नवी मापं आली होती ना. दोघांनी धरली, मी वाचलं. सोळा मीटर.

पाटलांचा चेहरा उतरला. त्यांची मुलगी डोणगावाकडे दिलेली, आणि त्यांच्या व्याह्यांच्या शेतातही एक वड होता. तो मागे कुणा साहेबानं फुटांच्या फितीनं मोजला होता आणि पन्नास भरला होता. गेल्या दिवाळीत व्याह्यांनी हे जेवणाच्या पंगतीत सगळ्यांदेखत सांगितलं होतं.

"त्याचं पन्नास अन् माह्यं सोळा?" पाटील म्हणाले. "मंग हे झाड हाय का तुरीचं झुडूप?"

मी समजावलं. सोळा मीटर म्हणजे बावन्न फूट, तुमचाच वड मोठा. कोणी ऐकेना. लेकीच्या सासरी जाऊन सोळा हा आकडा कोणत्या तोंडानं सांगायचा? शेवटी पाटील म्हणाले, फीत ठेवा बाजूला, कव मोजा.

कव म्हणजे दोन्ही हात पसरून एका माणसानं खोडाला घातलेली मिठी. शेजारच्याचा हात धरायचा, त्यानं पुढच्याचा धरायचा, आणि घेर पुरा झाला की माणसं मोजायची. यात एक जुना नियम आहे: हाताला हात मिळून घेर बंद झाला तरच शेवटची कव धरतात. मध्ये वीतभर जागा राहिली तरी ती सोडून द्यायची. व्याह्यांचा वड नऊ कवेचा होता, हे सगळ्यांना पाठ होतं.

पारावरची सगळी माणसं उठली, पाटीलही. दुकानदाराला ओढून आणलं. नऊ जण झाले. गालाला साल टोचत होती, मुंग्या धोतरात शिरत होत्या, पण हात ताणून ताणून धरले. एका टोकाला पाटील, दुसऱ्या टोकाला पारावरचाच एक, रंगराव. दोघांच्या मध्ये एका माणसाची जागा उरली, म्हणजे मोजणी नऊवरच, व्याह्यांइतकीच.

मला मिठी घालायला सांगितलं असतं तर मी घातली असती, पण मोजणाऱ्यानं मोजणीत यायचं नाही, असं त्यांनीच ठरवलं. नाहीतर व्याही म्हणतील, मास्तर आपल्याकडे ओढला. बाकीचा गाव उंद्रीकडे एका लग्नाला गेलेला. बायांना बोलावणं कोणाच्या मनातही आलं नाही. पाटलांनी मान वळवली, तर रस्त्यापलीकडे कचरू दिसला.

त्यांनी खोडाच्या मोकळ्या जागेकडे पाहिलं. मग म्हणाले, "कचऱ्या, ये बे इकडं."

कचरू जागचा हलला नाही. "येतो, पाटील. पन आंधी माह्या मायले सावलीत बसू द्या."

खोडाला चिकटलेली नऊ माणसं तशीच चिकटून राहिली, कारण हात सोडला तर सगळं पुन्हा करावं लागलं असतं. पाटलांनी शेवटी मान हलवली. कचरूनं आईला हाताला धरून आणलं आणि पाराच्या कडेवर बसवलं. मग तो त्या जागेत उभा राहिला आणि त्यानं खोडाला छाती लावली.

रंगरावानं हात पुढे केला, पण तळव्यावर उपरण्याचं टोक घेऊन. पाटीलच त्याच्यावर खेकसले, "कपडा काढ बे. व्याही म्हनीन, उपरन्यानं वाढवलं."

रंगरावानं कपडा काढला. हाताला हात मिळाला. घेर बंद झाला.

मी फेरी मारून मोजलं आणि मोठ्यानं सांगितलं, दहा. पाटील लहान पोरासारखे हसले. माणसं मोकळी झाली, अंग झटकू लागली. रंगराव हात धुवायला विहिरीकडे निघाला. मी दहा लिहिले. पाटील वळले, तो त्यांना पारावर केसरबाई दिसली.

"झालं आता," ते म्हणाले. "उठवा तिले."

म्हातारी उठायला लागली. कचरूनं तिच्या खांद्यावर हात ठेवून तिला खाली बसवलं आणि तो पाटलांशी नाही, माझ्याशी बोलला. "गुरुजी, माय उठली तं माह्यी कव खोडा. नऊच लिहा."

मी पेन्सिल दहाच्या आकड्यावर आडवी धरली आणि पाटलांकडे पाहिलं. मला काही शौर्य सुचलं होतं अशातला भाग नाही. डोकं ठणकत होतं आणि पुन्हा नऊ माणसांना झाडाला चिकटवण्याची ताकद माझ्यात नव्हती. पण पेन्सिल मी उचलली नाही, एवढं खरं.

पाटलांनी माझ्या हाताकडे पाहिलं, मग वडाकडे, मग म्हातारीकडे. "राहू द्या दहा," ते म्हणाले आणि पाराच्या दुसऱ्या बाजूला पाठ करून बसले.

उद्या काय होणार होतं ते मला माहीत नव्हतं, आणि विचारायचा धीरही नव्हता. मोटर यायला अजून वेळ होता. मी केसरबाईशेजारी बसलो. ती मान वर करून फांद्या पाहत होती. जन्म त्या गावात गेलेली बाई, पण तिनं हे झाड पारावर बसून, खालून कधी पाहिलंच नव्हतं.

"लय मोठं हाय हो गुरुजी," ती म्हणाली. "तिथून उन्हातून एवढं वाटत नव्हतं."