तळ्याचा गाळ

सेलिन मावशी हिऱ्यांची खाण बघायला येणार हे कळलं तेव्हा ती न आली तर बरं, असं मला वाटलं. दर उन्हाळ्यात खाणीची कंपनी आमच्या गामेती गावच्या म्हाताऱ्याकोताऱ्यांना विमानाने आणते, जेवू घालते, टोप्या वाटते आणि परत पाठवते. मावशी कधीच आली नव्हती. खाणीच्या जागी आधी तळं होतं आणि त्या तळ्यात तिचा नवरा मोईझ बुडाला होता. वसंतात कॅरिबू हरणांच्या मागावर गेला, तळ्यावरचा बर्फ फुटला आणि बर्फावरच्या स्लेज गाडीसकट आत गेला. देह मिळालाच नाही. पुढे कंपनीने तळं उपसलं तेव्हा त्यातले मासे आमच्याच गावांत वाटले. सगळ्यांनी खाल्ले. मावशीने आपला वाटा कुत्र्यांनाही घातला नाही, पुरून टाकला.

मी इथे डंपर चालवतो. हिरा म्हणून आजवर एकही पाहिलेला नाही, दगड तेवढा वाहतो. दोन आठवडे खाण, दोन आठवडे घर. खाणीत निदान रेडिओवर कुणीतरी ओरडत असतं. घरी तेही नाही. एकटेपणाची सवय होते असं जो म्हणतो त्याला माझी एक पाळी द्यायला मी तयार आहे.

दुभाष्या म्हणून त्या दिवशी मलाच गाडीवरून उतरवलं. मावशी बसमधून उतरली ती मोकासिनच्या मऊ कातडी जोड्यांवर रबरी बूट चढवून, डोक्याला फुलांचा रुमाल बांधून.

"नार्सिस, वाळलास की रे. खायला घालतात का नुसतं राबवतात?"

"घालतात गं, पण तुझ्या हातची चव नाही."

"मग लग्न कर. माझे हात आता दुखतात."

खड्ड्याच्या कठड्याशी आल्यावर मात्र ती थबकली. खाली गोल गोल उतरत गेलेला रस्ता आणि त्यावर मुंगळ्यांएवढे डंपर. तिने खिशातून चिमूटभर तंबाखू काढली. आमच्यात पाण्याशी गेलं की आधी पाण्याला काहीतरी द्यायचं, मग बोलायचं. तंबाखू मुठीत धरून ती खाली पाणी शोधू लागली.

"पाणी कुठंय?"

कंपनीची मुलगी गोड हसली. पाणी शेजारच्या तळ्यात नेलंय, हवं तर बसने तिथे जाऊ, असं तिने सांगितलं. मी ते मावशीला सांगितलं.

"मोईझला पोहता कुठं येत होतं? तो कशाला जाईल तिकडं?"

हे मी त्या मुलीला सांगितलं नाही.

"पाणी गेलं ते गेलं," मावशी म्हणाली. "तळाचा गाळ कुठं टाकला?"

मला भीती होती ती याच प्रश्नाची. त्या मुलीला विचारण्यात अर्थ नव्हता, ती कालपरवा नोकरीला लागलेली. "माहीत नाही" म्हणून मोकळं होता आलं असतं, पण मावशीच्या तोंडावर खोटं बोलणं मला जमलेलं नाही. पलीकडे टाकाऊ दगडाचा करडा डोंगर उभा होता. मी तिकडे बोट केलं.

"त्याच्या पार बुडाशी. वरचा दगड नंतरचा."

"कोणी नेला?"

"आम्ही ड्रायव्हरांनी." मग म्हटलं, "मीपण होतो, मावशी."

तिने मान वळवून डोंगराकडे पाहिलं. वाऱ्याने तिचा रुमाल फडफडत होता. आता ही माझ्याशी बोलणं टाकणार, असं मला वाटलं. गावात माझं म्हणावं असं तेवढंच माणूस होतं.

"हिवाळा होता का रे?"

"हो. गाळ गोठल्यावरच उचलता येतो."

"हळू चालवत होतास?"

"भरलेली गाडी हळूच चालवावी लागते."

तिने मूठ उघडली आणि तंबाखू माझ्या तळहातावर ठेवली.

"तिकडं जाशील तेव्हा दे त्याला. इतकी वर्षं मला वाटायचं, न्यायला कुणी नव्हतंच त्याला." तिने माझी बोटं मिटवली. "खांदा घरच्यानं दिला म्हणायचा."

मी मूठ तशीच मिटून धरली. ती मुलगी विचारत होती, आजी काय म्हणाल्या. मावशीने माझा हात धरला आणि आम्ही बसकडे चालू लागलो.