ॲन्सिलचे लोखंड

मित्रांनो, मी एक जुना ब्रेकड्रम आहे. बिडाचा, जड, आणि दिसायला बुडाला भोक पडलेल्या जाड पातेल्यासारखा. मला पाहून कोणी "वा!" म्हटल्याचे आठवत नाही. ऐकून मात्र पुष्कळांनी म्हटले आहे.

माझा जन्म कोणत्या कारखान्यात झाला ते मला ठाऊक नाही. वितळलेले बीड साच्यात ओतताना कोणी त्याला नावगाव सांगत बसत नाही. मला शुद्ध आली ती त्रिनिदाद बेटावर, ला ब्रेया गावात, एका लॉरीच्या मागच्या चाकात. गावातल्या तळ्यातून डांबर निघते. ते घेऊन लॉरी बंदराकडे निघाली की उतारावर तिला आवरायचे काम माझे. मी तापत असे आणि ती थांबत असे. वर्षानुवर्षे हेच. लॉरीचा चालक बॉयसी बडबड्या होता, पण त्याने माझ्याविषयी कधी एक शब्द काढला नाही. मी नीट काम करत होतो, याचा याहून मोठा पुरावा नाही.

लॉरी म्हातारी झाली तेव्हा तिचे तुकडे गॅरेजच्या मागे टाकून दिले. तिथे एके दिवशी ॲन्सिल नोरेगा आला. उंच, किडकिडीत तरुण. हातात एक सळई. भंगारातल्या प्रत्येक वस्तूवर तो टक् करून सळई मारी आणि कान देई.

"काय रे, कलिंगड घ्यायला आलायस का?" बॉयसीने लांबूनच हटकले.

"कलिंगड एकदा खाल्लं की संपलं," ॲन्सिल म्हणाला. "मला जन्मभर पुरेल असं काहीतरी हवंय."

मग त्याने माझ्या कडेवर सळई मारली आणि मी वाजलो. टँऽऽग! स्वतःचा आवाज मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला. चाकात घट्ट बसवलेला असताना तो मला कुठून कळणार? बॉयसीने कानांवर हात ठेवले. ॲन्सिलने मला उचलून छातीशी धरले आणि उन्हातून चालत घरी नेले.

गावाच्या वाद्यवृंदाचे नाव रेड हार्बर. तेलाच्या पिंपांची बुडे ठोकून केलेली वाद्ये, पॅन म्हणतात त्यांना, तिथे ओळीने उभी असत आणि गोड गोड सूर काढत. मी सूर काढत नाही. मी ताल धरतो. वृंदाच्या मधोमध, इंजिनघर म्हणतात त्या जागी, मला घोडीवर ठेवत आणि सगळ्यांची पावले माझ्या तालावर पडत. तिथे मला कोणी ब्रेकड्रम म्हणत नसे. म्हणत, ॲन्सिलचं लोखंड. कार्निव्हलच्या दिवसांत रस्त्यावरच्या गर्दीतले लोक डोळे मिटून सांगत, "रेड हार्बर आले, ते बघा ॲन्सिलचं लोखंड." पहिला जन्म थांबवण्यात गेला आणि दुसरा चालवण्यात. मला दोन्ही आवडले, पण दुसरा जरा जास्त.

ॲन्सिलचे नियम थोडे होते. माझ्या कडेवर एक जागा होती, तिथेच मारायचे. वाजवून झाले की तेलाच्या फडक्याने पुसायचे. आणि रंग लावायचा नाही. वृंदातल्या लहान मुलांना तो माझ्यावरच ताल शिकवी. त्यांतली शर्लीन सर्वांत चलाख. ती मोठी झाली, तेल कंपनीच्या पाइपांच्या आवारात कामाला लागली, आणि पुढे वृंदाची कॅप्टनही झाली.

कॅप्टन झाल्यावर तिने ठरवले की सगळे काही लालभडक दिसले पाहिजे. तो वृंदाचा रंग. घोड्या रंगल्या, चाकांचे गाडे रंगले, आणि एका दुपारी मीही रंगलो. हात सैल सोडून, थरावर थर. हेतू चांगलाच होता. ती मला नटवत होती.

संध्याकाळी ॲन्सिल आला. तोवर त्याचे केस पांढरे झाले होते. त्याने सळई मारली आणि तिथेच थांबला.

"हे माझं लोखंड नाही."

"तेच आहे, अंकल. रंग दिलाय फक्त."

"रंग अंगाला देतात, शर्लीन. घशाला नाही. आवाज गेलाय याचा."

दिवसभर रंगकाम करून शर्लीन थकली होती. तिच्या तोंडून निघून गेले, "आवाज नाही गेला, अंकल. तुमचे कान गेलेत."

वृंदाच्या सरावाचे सगळे यार्ड खो खो हसले. मीही हसलो असतो, पण माझे तोंड रंगाने बुजले होते. ॲन्सिलने सळई खाली ठेवली, टोपी घातली आणि तो निघून गेला. त्याचे घर लांब नव्हते. यार्डाच्या कुंपणाला लागून नीरफणसाचे झाड आहे, त्याच्या पलीकडची खिडकी त्याची. पण त्या दिवसापासून तो यार्डात आला नाही. आणि त्याचेच खरे होते, हे मला ठाऊक होते. मला थरथरता आले तर मी वाजतो. जाड रंगाच्या रजईत कोण थरथरणार?

माझ्या जागी दुसरे लोखंड आले. मला मानाने फाटकाजवळच्या भिंतीवर टांगले आणि दर कार्निव्हलला नवा रंग दिला. पाहुणे माझ्यासमोर उभे राहून फोटो काढत. समोर खाडी, खारा वारा. रंगाला कुठेतरी बारीक चीर गेली आणि गंज आत शिरला. गंज खातो तेव्हा दुखत नाही. दुखले असते तर कदाचित बरे झाले असते. पण वाजवायला कोणी येत नव्हते, मग कळणार कोणाला?

शेवटी मला टांगलेला हूकच गंजून तुटला. सराव ऐन रंगात आला असताना मी धाडकन खाली आलो आणि माझ्या अंगाचा एक मोठा पापुद्रा सुटला. वर लाल रंगाचे थर, खाली तपकिरी भुगा. शर्लीनने तो हातात घेतला. मग माझ्यावर बोटाच्या पेराने वाजवून पाहिले. ठप्. ती उठली आणि कुंपणापलीकडे ॲन्सिलच्या खिडकीशी गेली. मी यार्डातच पडलो होतो, मला सगळे ऐकू येत होते.

"अंकल, तुमचं लोखंड गंजलंय."

"माझं कुठलं? ते तर भिंतीचं."

"मी साफ करते. पहिल्यासारखं वाजलं, तर याल?"

"माझे कान गेलेत ना? मग मी येऊन काय दिवे लावणार?" खिडकी धाडकन लागली. मग आतूनच आवाज आला, "आणि घासू नकोस त्याला! घासलंस तर उरलंसुरलंही जाईल."

शर्लीनने घासले नाही. पाइपांच्या आवारात रोज गंजाशीच गाठ असते, तिला दुसरा उपाय ठाऊक होता. तिने एक निळे प्लास्टिकचे पिंप अर्धे कापले, त्यात पाणी भरले आणि धुण्याचा सोडा विरघळवला. मला त्यात बुडवले. समोर, मला न चिकटता, लोखंडाचा दुसरा तुकडा उभा केला. तो होता माझ्याच लॉरीच्या पाट्याचे, म्हणजे चाकांवरच्या स्प्रिंगचे, एक पान. बॉयसीने इतकी वर्षे ते दाराला टेकण म्हणून वापरले होते. मग तिने बॅटरीचा चार्जर आणला. त्याचा काळा चिमटा मला, लाल पाट्याला. वीज सुरू झाली तशी माझ्या अंगभर बारीक बुडबुडे उठले आणि गंज सुटू लागला. रंगही फुगून सोलला.

ही युक्ती गमतीची आहे, मित्रांनो. तीत काळा चिमटा लावलेला साफ होतो आणि लाल लावलेला झिजतो. पाटा आणि मी एकाच लॉरीखाली एकच उतार उतरलो होतो. तो माझ्यासाठी झिजत होता आणि मला त्याचे वाईट वाटत होते.

शर्लीनला दोन दिवस कामावर राहायचे होते. "कोणी हात लावायचा नाही," असे बजावून ती गेली. दुसऱ्याच सकाळी वृंदाचा ट्रक सुरू होईना. ट्रक चालवतो बॉयसी. त्याने चार्जर काढून नेला, आपली बॅटरी भरून घेतली आणि शहाण्यासारखा परत आणून लावला. दोन चिमटे हातात धरून तो जरा थबकला.

"लाल कुणाला होता बरं?" तो स्वतःशीच म्हणाला. "अरे, लाल म्हणजे आपला रंग! मग लाल आपल्याच लोखंडाला. त्या पाट्याची काय लायकी?"

आणि तो शीळ घालत गेला. आता बुडबुडे पाट्याच्या अंगावर होते आणि झिजत होतो मी. त्याची पाळी झाली होती, माझी आली, एवढेच.

शर्लीन परतली, तिने पिंपात पाहिले आणि चार्जर उपटून काढला.

"बॉयसी! लाल चिमटा ड्रमला कुणी लावला?"

"मीच. शोभतोय ना?"

"शोभतोय? अरे, तू त्याला वितळवत ठेवलंस! कड बघ याची."

बॉयसीने वाकून पाहिले आणि डोक्यावरची टोपी काढली. "गंज तर गेला ना?"

"गंजाबरोबर लोखंडही गेलं." शर्लीनने माझ्या कडेवरून बोट फिरवले. "आधी मी रंगवलं, आता आपण झिजवलं. अंकलना काय तोंड दाखवू?"

तिने चिमटे सरळ लावले आणि उरलेले काम पुरे केले. मला धुतले, पुन्हा गंज धरू नये म्हणून लगेच शेगडीवर वाळवले, तेल चोळले. मी काळसर झालो. कड बारीक झाली होती आणि तिला खळगे पडले होते.

रविवारी सगळा वृंद जमला. शर्लीनने सळई उचलली. मग तिने डोळे मिटून मारली.

टँऽऽग!

मी वाजलो, मित्रांनो! काय वाटले ते कसे सांगू? मला आनंद झाला. सगळ्यांनी टाळ्या पिटल्या. बॉयसी तर नाचायलाच लागला. "तेच! हुबेहूब तेच!" बाकीचेही म्हणाले, हुबेहूब तेच. शर्लीनने पुन्हा मारली.

नीरफणसापलीकडची खिडकी उघडली.

"माझं लोखंड कुणी कुरतडलंय?"

ॲन्सिल घरातल्या सपाता घालूनच फाटकातून आत आला. हळूहळू, हातात अर्धा प्यालेला कप. माझ्याजवळ येण्याआधीच तो बोलू लागला.

"कडेचं अंग गेलंय त्याचं. आवाज वर चढलाय. केसभरच, पण चढलाय. कोण म्हणतं तेच आहे म्हणून?"

शर्लीनने बॉयसीकडे पाहिले. बॉयसीने आभाळाकडे पाहिले. या वेळी कोणी हसले नाही.

"अंकल," शर्लीन सगळ्यांसमोर, सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "कान माझे गेले होते."

ॲन्सिलने कप बॉयसीच्या हातात कोंबला आणि तिच्या हातातून सळई घेतली. "मारतेस पण भलत्याच जागी. सरक."

त्या संध्याकाळी तो दमेपर्यंत वाजवत होता. नंतर त्याने मला तेलाच्या फडक्याने पुसले. तेच फडके त्याने पाट्यावरूनही फिरवले.

मित्रांनो, तुमच्या घरातही एखादी जुनी वस्तू असेल. तिला रंगवून भिंतीवर टांगण्याआधी जरा वापरून बघा. आमचा मान त्यातच असतो. गंज चढलाच, तर तो उतरवता येतो, फक्त चिमटे नीट बघून लावा. आणि एखादे म्हातारे माणूस म्हणाले की आवाज बदललाय, तर हसू नका. त्याच्या हातात सळई द्या आणि त्याला विचारा, कुठे मारू?