घंटी वाजली नाही

मी एक जुना संगणक आहे. नाशिकच्या द्वारका चौकाजवळच्या भंगाराच्या दुकानात, गंजलेल्या कूलरच्या मागे पडून असतो. मित्रांनो, तुमच्या घरातल्या संगणकाला माझी ओळख सांगितलीत तर तो नाक मुरडेल. मुरडू दे. मला गाणी येत नव्हती, चित्रं येत नव्हती, माझ्याजवळ माउससुद्धा नव्हता. काळा पडदा, त्यावर हिरवी अक्षरं, आणि आत डॉस नावाचा कारभारी. सांगाल तेवढं करायचं, न सांगितलेलं करायचं नाही, हा त्याचा बाणा होता आणि तोच माझा.

गंगापूर रोडवरच्या एका गाळ्यात राज नावाच्या तरुण इंजिनिअरनं माझे भाग जोडले. तो काळ नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीचा. राजची थोरली बहीण साधनाताई जवळच अंडी उबवण्याचं छोटं केंद्र चालवत. त्यानं मला तिथे नेऊन बसवलं. भली मोठी लाकडी पेटी, तिच्यात अंड्यांचे ट्रे, दिवे आणि एक पंखा. पेटीतून निघालेली वायर माझ्या पाठीत येई. ऊब कमी झाली की मी दिवे लावी, वाढली की विझवी, आणि अगदीच हाताबाहेर गेलं तर घंटी वाजवी. कोंबडी एकवीस दिवस जे करते ते मी न कंटाळता करत होतो, आणि मला दाणेही टाकावे लागत नव्हते.

माझे लाडही तसेच होत. दसऱ्याला झेंडूचा हार, हळदकुंकू. संगणकाला व्हायरस लागतो असं ताईंनी पेपरात वाचलं होतं, म्हणून दाराला लिंबू-मिरची. व्हायरस म्हणजे बाहेरची घाण, अशी सगळ्यांची समजूत! त्यामुळे चपला बाहेर काढायच्या, हातपाय धुवायचे, मगच आत. माझ्या डोक्यावर पाटी होती, ‘संगणकास हात लावू नये’. राखणदार भिकनदादा तर उंबऱ्याबाहेरूनच हात जोडायचे. “ताई, घंटी वाजली की मी तुम्हाला हाक मारतो,” ते म्हणायचे. “बाकी त्याच्या वाटेला जायचं नाय आपण.”

घंटी नाही म्हणजे सगळं ठीक, हे सगळ्यांनी धरूनच ठेवलं होतं. मला ते तेव्हाच खटकायचं. घंटी वाजवायला मी शुद्धीवर असायला हवा, एवढं साधं कुणाच्या मनात आलं नाही.

पुढे राज नोकरीला पुण्याला गेला. त्या वर्षी दिवाळीनंतर ताईंचे दीर, दिनेश, उड्या मारतच आले. “वहिनी, आता कॉम्प्युटरवर पत्रिका जुळते! मित्राकडून फ्लॉपी आणलीय.” त्यांनी चपला बाहेर काढल्या, पाय धुतले, खिशातली फ्लॉपी काढली आणि माझ्या खाचेत सरकवली. त्यांना सांगून आलेल्या मुलीचं नाव संध्या. गुण भरपूर जुळले. ताईंनी साखर वाटली, सगळे हसत होते आणि फ्लॉपी माझ्या खाचेतच राहिली. तेवढ्यात लाइट गेले.

माझी एक जन्मजात सवय आहे. वीज आली, मी जागा झालो, की आधी फ्लॉपीच्या खाचेत डोकावतो. तिथे काही नसेल तरच पोटातल्या तबकडीकडे, म्हणजे हार्ड डिस्ककडे वळतो. त्या दिवशी खाचेत फ्लॉपी होती. मी ती वाचू लागलो आणि तिच्यातून काहीतरी माझ्या पोटात उतरलं. पडद्यावर ‘ही फ्लॉपी चालणार नाही’ अशा अर्थाचं इंग्रजी वाक्य आलं. दिनेशनी फ्लॉपी काढली, कळ दाबली, मी नेहमीसारखा सुरू झालो. “झालं की चालू,” ते म्हणाले.

मी एकटा राहिलो नव्हतो. लाइट जायचे, यायचे. प्रत्येक वेळी फ्लॉपीतून उतरलेला तो माझ्याआधी जागा व्हायचा, माझ्या घड्याळातली तारीख बघायचा आणि पुन्हा झोपायचा. त्याला एका ठरावीक तारखेची वाट होती. ती कोणती हे मला कळत होतं, पण सांगायचं कुणाला? मला कुणी विचारलं नव्हतं.

त्याच सुमारास हरसूलकडच्या पाड्यावरून चिमणाबाई आल्या. पावसाळ्यात तिकडे कोंबड्यांवर मानमोडीची साथ आली होती, खुराडीच्या खुराडी रिकामी झाली होती. वाचलेल्या चार-दोन कोंबड्यांची अंडी घरोघर फिरून त्यांनी गोळा केली होती. ताई म्हणाल्या, “सगळी आणा मावशी. कोंबडी खुडूक होऊन अंडी उबवत बसली तर नवी अंडी द्यायची थांबते. पेटी आहे ना आपली.”

चिमणाबाईंची तांबडी कोंबडी अंड्यांवर बसलीच होती. त्यांनी तिच्याखालची अंडीही काढून आणली आणि तिचं खुडूकपण मोडावं म्हणून तिला पाण्यात बुचकळली.

दोन आठवड्यांनी त्या पुन्हा आल्या. दारातच बसल्या.

“ताई, मानमोडी परत आली. एक बी राहिली नाय. तांबडी बी गेली.” मग त्यांनी पेटीकडे पाहून हात जोडले. “आता पाड्याचं जे काय हाय ते हिच्यात हाय.”

“काळजी करू नका,” ताई म्हणाल्या. “काही झालं तर घंटी वाजते.”

माझ्या पोटात तो निवांत झोपला होता.

डिसेंबरात दिनेशचं लग्न लागलं. ताईंसह सगळं घर मांडवात होतं. नाशकात हुडहुडी भरवणारी थंडी पडली होती. सकाळी लाइट गेले आणि तासाभरानं आले. तो जागा झाला, त्यानं तारीख बघितली, आणि या वेळी झोपला नाही. माझ्या पोटातली तबकडी त्यानं पुसायला घेतली. डॉस गेला, राजनं लिहिलेलं सगळं गेलं. पेटीतले दिवे कसे लावायचे हे मला आठवेना. घंटी कशी वाजवायची तेही आठवेना.

भिकनदादा दिवसभर दाराशी कान देऊन बसले होते. संध्याकाळी त्यांनी काचेतून पाहिलं. वीज आहे एवढंच सांगणारा माझा हिरवा दिवा लागलेला होता. “चालू हाय,” ते समाधानानं म्हणाले. चपला काढून आत यावं, पेटीला हात लावून बघावा, असं त्यांना वाटलं नाही. हात लावायचा नाही अशी पाटीच होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी ताई आल्या, तेव्हा पेटी थंडगार होती.

लग्नासाठी पुण्याहून आलेला राज धावत आला. “व्हायरस आहे. फ्लॉपीतून आला.”

दिनेश अंगावर हळद तशीच असताना आले होते. आपल्या अनवाणी पायांकडे बघत ते म्हणाले, “पण मी चपला बाहेर काढल्या होत्या.”

पिल्लं निघायच्या दिवशी चिमणाबाई गवत अंथरलेली टोपली घेऊन आल्या. ताईंनी पेटीचं दार उघडून दिलं. चिमणाबाईंनी स्वतःच एक अंडं उचललं, कानाला लावलं, मग दुसरं, मग तिसरं. “गार हायत,” त्या म्हणाल्या. रागावल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. ताईंनी त्यांना बाजारातून पिल्लं आणून दिली. ती हातात घेऊन चिमणाबाई म्हणाल्या, “पांढऱ्या जातीची हायत ताई. घारीला लांबून दिसतील.” घारीला दिसली. पुढच्या उन्हाळ्यापर्यंत एकही उरलं नाही, हे भिकनदादांनी ताईंना सांगितलं तेव्हा मी कोपऱ्यात धूळ खात होतो.

मित्रांनो, यंत्राची पूजा करा किंवा करू नका. पण जे शेवटचं उरलं आहे ते सगळं एकाच पेटीत ठेवू नका, आणि यंत्र गप्प आहे म्हणून निर्धास्त राहू नका. भंगारवाला अधूनमधून मला वीज जोडून बघतो. माझा हिरवा दिवा अजून लागतो. लांबून पाहणारा म्हणतो, चालू आहे. तुम्ही लांबून पाहू नका. आत या, आणि हात लावून बघा.