तीन टेकूंच्या नऊ काठ्या

शेंदूरजनाघाटच्या केशवरावांचा गुन्हा एवढाच, की फळबाजारात भांडण पेटलं तेव्हा ते चहाचा कप धरून तिथे उभे होते. संत्र्याच्या भावावरून दोन गटांची जुंपली, गर्दीत व्यापारी पंजाबरावांचं डोकं फुटलं आणि पोलिसांनी हाताला लागतील त्या नऊ जणांची नावं लिहून घेतली. नववं नाव केशवरावांचं. "मारणारा एक असला, तरी बेकायदेशीर जमावातले सगळेच गुन्हेगार धरतात," असं त्यांच्या वकील अकीला मॅडमनी सांगितलं, तेव्हा सत्तरीच्या केशवरावांची पाचावर धारण बसली. उरलेलं आयुष्य तुरुंगात जाणार, या धास्तीने दोन वर्षं त्यांना अन्न गोड लागत नव्हतं.

अमरावतीच्या कोर्टात हवालदार पोपटासारखा बोलत होता. नऊ आरोपी, नऊ काठ्या, प्रत्येकाच्या हातातून जागेवरच जप्त! मग शिपायाने गाठोडं सोडलं आणि काठ्या टेबलावर मांडल्या.

केशवराव ताडकन उठले. गप्प बसायचं, ही मॅडमची ताकीद ते साफ विसरले.

"सायेब, हे काठ्या नोहोत! माये संत्र्याचे टेकू होत! दोन वर्षापासून ढुंढून राहिलो मी!"

सरकारी वकिलांना तर आयतंच घबाड मिळालं. "ऐकलंत? हत्यारं याचीच आहेत!"

बाकीचे आठ जण केशवरावांकडे खाऊ की गिळू असे पाहू लागले.

"तुमचे कशावरून?" जजसाहेबांनी विचारलं.

फळांनी वाकलेल्या फांद्यांना लावायचे बांबू गावात या बागेतून त्या बागेत उसने जातात, म्हणून प्रत्येक घर आपल्या टेकूवर आपली खूण करतं. केशवरावांची खूण म्हणजे वरपासून खालपर्यंत हिरवा पट्टा.

"कापून तुकडे केले त्याईचे. जोडून दाखवू काय?"

त्यांनी खाली बसून तुकडे एकापुढे एक लावले. करवतीचे काप जुळले, हिरवा पट्टा सलग धावला. फांदी अडकवायची खाचही नऊ तुकड्यांपैकी तीनच तुकड्यांना होती. बघता बघता कोर्टाच्या फरशीवर दहा-दहा फुटांचे तीन टेकू आडवे झाले.

"हवालदार," जजसाहेब म्हणाले, "नऊ हातांतून जप्त केले, तेव्हा हे नऊ होते की तीन?"

हवालदार पंख्याकडे पाहू लागला. शेवटी त्याच्या तोंडून निघालं, की बांबू केशवरावांच्या बागेच्या बांधावरून उचलले, कापून नऊ केले आणि पंचनामा ठाण्यातच लिहिला.

पंधरा दिवसांनी निकाल लागला. पुरावाच बनावट, नऊही जण निर्दोष.

केशवराव कोर्टाच्या पायरीवर बसून लहान पोरासारखे रडले. मग डोळे पुसून त्यांनी घरी फोन लावला.

"पार्बता, सुटलो वं मी!"

पलीकडून बायकोने विचारलं, "अन् बाकीचे?"

"सारेच सुटले."

"मंग एकटे नका येऊ. नऊ जनायचा सयपाक टाकतो मी."