विहिरीवरचा खेळ

नबीलाल मास्तरांनी उमेदीची वर्षं कोल्हापुरातल्या एका नाटक कंपनीत काढली. पडदे रंगवले, स्त्रीपार्ट केले. मग कंपनी सोडून ते गडमुडशिंगीला आले आणि एका पडक्या छपरात गाणं, नकला, चित्रं शिकवू लागले. मराठ्यांचे, मुसलमानांचे, महारवाड्यातलेही लहानथोर येत. त्यांच्या खेळाला ना पडदा, ना रंगमंच. बघणाऱ्यांतूनच पात्रं उठायची.

एके साली सरकारी विहिरी अस्पृश्यांसकट सगळ्यांना खुल्या, असा कोल्हापूरच्या महाराजांचा हुकूम निघाला. दवंडी फिरली, पण महारवाड्यातलं कुणी विहिरीची पायरी उतरलं नाही. मास्तरांनी जाहीर केलं, पुढचा खेळ विहिरीवर.

पाटलाचा भाऊ सयाजी छपरात येऊन बजावून गेला, "खेळ करा मास्तर, पर पाण्याला हात लावू नगा. न्हायतर वाईट हुईल."

पाणी भरणाऱ्या बाईचं काम चिमणाबाईचं. महारवाड्यातली तरणी विधवा, आवाज खडा. मास्तर तिला म्हणाले, "भ्या वाटत असंल तर मी लुगडं नेसतो. मला सवय हाय."

"तुम्ही नेसलासा तर ते सोंग हुईल," ती म्हणाली. "मला घागर भरायची हाय."

बाजाराच्या दिवशी दुपारी विहिरीभोवती ही गर्दी झाली. चिमणाबाई गात गात पायऱ्या उतरली. तोच सयाजी काठी घेऊन गर्दीतून घुसला.

"ए, वर ये! पाणी बाटवतीस व्हय?"

"वा! काय पाटील उभा केलाय!" बाजाराला आलेलं परगावचं कुणीतरी ओरडलं. लोकांना तो खेळातलाच वाटला. हशा पिकला. सयाजीचं तोंड लालबुंद झालं. मास्तर मध्ये आले आणि काठी त्यांच्या उजव्या हातावर बसली. हाड मोडल्याचा आवाज सगळ्यांनी ऐकला.

हसू जागच्या जागी थिजलं.

चिमणाबाईनं खाली घागर भरली, डोक्यावर घेतली आणि वर आली. सयाजी वरच्या पायरीवर काठी उगारून उभा. ती त्याच्यापुढं थांबली.

"वाट सोडा," ती म्हणाली.

कुणी हललं नाही. मग सयाजीची चुलती झुंबरबाई पुढं आली. "सया, आता बाईमाणसावर हात टाकतूस? टाक की! सारं गाव बघतंय."

सयाजीनं चौफेर पाहिलं. त्याचे भावकीतले लोकही खाली बघत होते. तो एक पाऊल बाजूला झाला. घागर डुचमळली, पाणी त्याच्या पायांवर सांडलं. चिमणाबाई चालत राहिली.

मास्तरांचा हात पुन्हा सरळ झाला नाही. बारीक कुंचला सुटला तो सुटलाच. मराठ्यांच्या आळीतले कित्येक जण छपराकडं फिरकेनासे झाले, काही पोरं मात्र येत राहिली. महारवाड्यातल्या बाया घोळक्यानं पाण्याला येऊ लागल्या, तर झाडाआडून दगड येत. तेव्हा मास्तरांनी हात गळ्यात बांधला आणि छपरातली शाळाच विहिरीच्या काठावर आणून बसवली. दगड मारायचा, तर आता आपल्याच आळीतल्या पोरांवर मारावा लागला असता.

दगड थांबले.